कुठला मामिरोव?

दर ईदला केरिमकुलच्या घरून कालीपाच्या फाटकाशी मेंढीची मांडी यायची, आणि दर ईदला कालीपा ती तिथल्या तिथं कुत्र्यापुढे टाकायची. परसात नव्हे, आडोशाला नव्हे. रस्त्यानं जाणाऱ्याला नीट दिसेल अशी. पस्तीस वर्षांत तिची चार कुत्री म्हातारी होऊन मेली, पण हा नेम चुकला नाही. कारासाझ गावात सगळे हसायचे, "कालीपाच्या कुत्र्याइतकं तर जिल्ह्याचा साहेबही खात नाही!" हसायचे आणि मग आवाज खाली आणायचे. कालीपानं डूख धरलाय आणि तो ती सोडणार नाही, हे लहानथोर सगळ्यांना माहीत होतं.

कालीपाचा नवरा ओरोझाली मामिरोव आणि हा केरिमकुल मामिरोव सख्खे चुलतभाऊ. त्यांचा आजा मामिर याक राखायचा. त्याला आडनाव वगैरे काही नव्हतं. तो मामिर होता, त्याचा बाप कोण हे सगळ्यांना ठाऊक होतं, आणि तेवढ्यावर भागत होतं. पुढे रशियन कारकून आला, टेबल टाकून बसला आणि त्यानं मामिरच्या पुढे 'ओव' जोडून सगळ्या घराला एकच शेपूट लावून टाकलं. तेव्हापासून घरातले सगळे पुरुष मामिरोव आणि बायका मामिरोवा.

नारिन नदीच्या वरच्या अंगाच्या त्या खोऱ्यातल्या हिमनद्यांनाही अशीच आडनावं चिकटली होती. एक लेनिनग्राडच्या कुणा प्रोफेसराच्या नावाची होती. तो म्हणे तिच्यावरून विमानानं गेला होता. दुसरी एका नकाशे काढणाऱ्याच्या नावाची. गावाच्या डोक्यावरची, जिचं पाणी पाटानं शेतात यायचं, ती मात्र बरीच वर्षं बिननावाचीच होती. गावकरी तिला 'शिंगराची' म्हणायचे, कारण उन्हाळ्यात तिच्या पोटातून शिंगरू खिंकाळल्यासारखा आवाज येई.

त्या हिमनदीवर माप घेण्याचं काम ओरोझाली आणि केरिमकुल यांच्याकडे होतं. राजधानीतल्या संस्थेनं बर्फाच्या पायथ्याशी पत्र्याची झोपडी बांधली होती. बर्फात भोकं पाडून चौदा लाकडी काठ्या रोवलेल्या, प्रत्येकीला नंबराचा पत्रा ठोकलेला. उन्हाळ्यात महिन्याला एकदा वर जायचं, बर्फ वितळून कुठली काठी किती उघडी पडली ते मोजायचं, वहीत लिहायचं आणि वही संस्थेकडे पाठवून द्यायची. नियम एकच आणि कडक होता: एकट्यानं बर्फावर पाऊल टाकायचं नाही. दोन माणसं, एक दोर.

एकोणऐंशी सालच्या सप्टेंबरात दोघं सोमवारी सकाळी घोड्यांवरून निघाले. शनिवारी केरिमकुल एकटाच परतला. हातात भरलेली वही आणि खोगिराला अडकवलेला अर्धा दोर. भाऊ चिरेत पडला, मी ओढत होतो, दोर तुटला, असं सांगून तो कालीपाच्या पायाशी कोसळला. गावानं टाहो फोडला. चोवीस वर्षांची कालीपा रडली नाही. दोन वर्षांच्या मुलीला कडेवर घेऊन ती खोगिरापाशी गेली आणि दोराचं टोक हातात घेऊन बघत राहिली. ती धनगराची पोर, दोर वळण्यातच तिचं बालपण गेलेलं. तुटलेला दोर विस्कटतो, त्याचे धागे लांबआखूड निघतात. हे टोक लोणी कापावं तसं सपाट होतं.

ती तशीच जाणत्या म्हाताऱ्यांकडे गेली.

"यानं माझ्या नवऱ्याचा दोर कापलाय. बघा, डोळ्यांनी बघा."

म्हाताऱ्यांनी बघितलं. एकमेकांकडेही बघितलं. त्यातला एक म्हणाला, "पोरी, एक गेला. दुसऱ्याला तुरुंगात घालून मामिरचं घर बुडवायचं आहे का? तुझ्या लेकीकडे बघ. गप्प राहा."

कालीपा गप्प राहिली. पण तिचं गप्प राहणं कसं होतं, ते गावाला पहिल्या ईदलाच कळलं.

केरिमकुलची भरभराट झाली. राजधानीच्या पेपरात त्याचा फोटो आला: भाऊ डोळ्यांदेखत गेला, तरी या माणसानं मापं अर्धवट सोडली नाहीत. त्याला पदक मिळालं, तो झोपडीचा प्रमुख झाला. चार वर्षांनी संस्थेचं पत्र आलं की गावावरच्या हिमनदीला आता सरकारी नाव मिळालंय: मामिरोव. पत्र प्रमुखाच्या नावानं आलेलं, त्यामुळे ते वाचलं केरिमकुलनं, आणि घडी घालून खिशात ठेवलंही त्यानंच.

कालीपानं भर चौकात त्याला गाठलं. "केरिमकुल, कुठला मामिरोव?"

"वहिनी, कागदावर एवढंच आहे. आडनाव. दोघांचंही समजा की."

त्या वर्षी ते दोघांचं होतं. पुढच्या वर्षी कुणी विचारलं की केरिमकुल नुसता खाली बघून हसायचा. दहा वर्षांत हिमनदी एकट्या केरिमकुलची झाली. रशियन राज्य गेलं, झोपडीचे पत्रे मेंढ्यांच्या गोठ्यावर चढले, माप घेणं थांबलं. पण नाव राहिलं. परदेशी पाहुणे डोंगर चढायला येऊ लागले तसे केरिमकुलनं पाच तंबूंचं मुक्कामाचं ठिकाण काढलं आणि वाटेवर पाटी लावली: "मामिरोव हिमनदीकडे. ज्यांच्या नावाची हिमनदी, ते स्वतः येथे भेटतील." पाहुण्यांना तो ती गोष्ट सांगायचा, डोळे पुसायचा. पाहुणेही पुसायचे.

कालीपानं मुलगी वाढवली, शिकवली, लग्न करून दिलं. मुलगी नवऱ्याबरोबर रशियात कामाला गेली. घरात कालीपा, कुत्रं आणि तो डूख. "विसर आता," असं शेजारीण बुर्मा तिला महिन्यातून एकदा सांगायची. बुर्माचं तोंड फाटकं आणि मन साफ. कालीपाचं उत्तर ठरलेलं, "तुझा नवरा मेला तर तू विसर."

पस्तिसाव्या उन्हाळ्यात नुरझात आली. राजधानीच्या संस्थेतली पस्तिशीची बाई, उन्हानं नाकाचं साल निघालेलं, बरोबर यंत्रांची दोन खोकी. बंद पडलेलं मोजमाप पुन्हा सुरू करायचं होतं. केरिमकुलचे तंबू पाहुण्यांनी भरलेले, म्हणून तिनं कालीपाची पुढची खोली घेतली. पहिल्याच दिवशी चहा पिताना तिनं विचारलं, "आपा, तुमचं आडनाव मामिरोवा. म्हणजे ते हिमनदीचे मामिरोव तुमच्या घरातले?"

"घरातले आहेत. मेले नाहीत अजून," कालीपा म्हणाली.

नुरझात गोंधळली. "मेले नाहीत म्हणजे? ते तर कामावर असतानाच गेले ना?"

कालीपाच्या हातातली चहाची वाटी तशीच राहिली. "परत बोल."

नुरझातनं पिशवीतून जाडजूड यादी काढली, पानं उलटली आणि वाचलं, "मामिरोव हिमनदी. कर्तव्य बजावताना मरण पावलेले निरीक्षक ओ. मामिरोव यांच्या स्मरणार्थ." मग मान वर करून म्हणाली, "वाटेवरची ती पाटी बघून मला वाटलंच, हे काय लिहिलंय. जिवंत माणसाचं नाव तेव्हा कुणी देत नसे."

कालीपानं ती ओळ तिच्याकडून तीनदा वाचून घेतली. 'ओ' या अक्षरावर बोट ठेवून बसली. मग उठून बाहेर गेली आणि बराच वेळ गाय धूत राहिली. गाय सकाळीच धुतलेली होती.

दुसरी गोष्ट आठवड्याभरानं उघडी पडली. नुरझातकडे जुन्या वह्या होत्या. जुन्या मापांशी नवी मापं ताडायची म्हणून तिनं त्या आणलेल्या. कालीपा कणीक मळत होती आणि नुरझात टेबलाशी बसून स्वतःशीच कुरकुरत होती.

"काय झालं गं?"

"काही नाही, आपा. एकोणऐंशीचा सप्टेंबर. बाकी सगळ्या वह्या पेन्सिलीनं लिहिल्यात, ही एकटीच शाईनं. वर शाई गोठते, आम्ही आजही पेन्सिलच नेतो. आणि आकडे बघा, आदल्या वर्षीच्या सप्टेंबरचेच, दोन-चार सेंटिमीटर इकडेतिकडे करून. बरं, ऑगस्टच्या वहीत तुमच्या यजमानांनी लिहिलंय, 'नऊ नंबर पडली, खाली आणली.' आणि सप्टेंबरात नऊ नंबरचं माप आहे! एकशे ब्याऐंशी. मग ती परत कुणी रोवली?"

कालीपानं कणकेचे हात तसेच ठेवून खिडकीबाहेर बोट दाखवलं. अंगणात धुण्याची दोरी होती. तिचं एक टोक जर्दाळूच्या झाडाला आणि दुसरं एका काळपट काठीला. काठीच्या डोक्याशी गंजका पत्रा आणि त्यावर कोरलेला नऊ.

"ऑगस्टात आणली त्यानं. म्हणाला, तिथं खाली चीर पडलीय, पुढच्या वर्षी प्रोफेसर सांगतील कुठं रोवायची ते, तोवर तू धुणं वाळत घाल. तेव्हापासून ती तिथंच उभी आहे."

नुरझातच्या आधी कालीपाच बोलली.

"तो बर्फावर गेलाच नव्हता. हे सगळं त्यानं खाली बसून लिहिलंय."

"आपा, मी संस्थेला कळवते. चौकशी..."

"तू काही कळवू नकोस. सप्टेंबरपर्यंत तोंड मिटून राहा. तुला माझी शपथ."

सप्टेंबर का, ते गावाला ठाऊक होतं. केरिमकुलनं साठी ओलांडली होती आणि पुलापाशी, जिथून हिमनदीची वाट सुरू होते, तिथं स्वतःच्या नावाचा दगड बसवत होता. पुरुषभर उंचीचा ग्रॅनाइट, त्यावर "केरिमकुल मामिरोव यांची हिमनदी". जिल्ह्याचा साहेब येणार, शाळेची मुलं गाणार, घोडा कापला जाणार.

ऑगस्टाच्या अखेरीस तो स्वतः आमंत्रण द्यायला आला. अंगणात ओली धुणी वाळत होती. ती बाजूला सारून, वाकून, त्या काठीला हात टेकवून तो उभा राहिला.

"वहिनी, झालं गेलं... आपण आता म्हातारे झालो. घरातली मोठी सून तुम्ही. दगडावरचा कपडा तुम्हीच काढायचा, असं मी सगळ्यांना सांगितलंय."

"काढते की," कालीपा म्हणाली.

तो थक्क झाला. "खरंच?"

"माझ्याशिवाय कोण काढणार?"

तो जवळजवळ नाचतच गेला. बुर्मानं कुंपणावरून ऐकलं होतं. ती म्हणाली, "अगंबाई! शेवटी पाझर फुटला वाटतं तुला."

"फुटला ना. बघशील."

दगडाच्या दिवशी ऊन लखलखीत होतं. पुलाच्या अलीकडे गालिचे अंथरलेले, कढया उकळत होत्या. टोकोन नावाचे ऐंशीचे अक्सकाल, म्हणजे गावचे पांढऱ्या दाढीचे पंच, मध्यभागी बसले होते. केरिमकुलनं उंच पांढरी टोपी आणि पदक घातलं होतं. कालीपा आली ती पांढरा रुमाल बांधून आणि खांद्यावर ती काठी घेऊन. मागे नुरझात, छातीशी वह्या धरून.

"हे काय, वहिनी, टेकायला काठी लागायला लागली?" केरिमकुल हसत म्हणाला.

"लागायला लागली खरी. कपडा काढण्याआधी एक विचारू का, केरिमकुल? सगळे आहेत, मुलंही आहेत, त्यांना कळायला पाहिजे. त्या शेवटच्या खेपेला तू किती काठ्या मोजल्यास?"

"चौदा," तो छाती काढून म्हणाला. "चौदाच्या चौदा."

"नऊ नंबरचीही?"

"नऊही. भाऊ गेला होता, डोळ्यांना नीट दिसत नव्हतं, पण मोजली."

"बर्फात उभी होती?"

"उभीच असणार की, वहिनी! आडवी काठी कशी मोजतात?"

कालीपानं खांद्यावरची काठी काढली आणि त्याच्या पायाशी दाणकन रोवली. "वाच. नंबर वाच."

केरिमकुलनं पत्रा बघितला. त्याच्या तोंडावरचं हसू जागच्या जागी राहिलं, पण त्या हसण्यामागचा माणूस निघून गेला.

"ही ऑगस्टात माझ्या अंगणात आली," कालीपा म्हणाली. "खोटं असेल तर बोला कुणीही."

गर्दीत कुजबुज झाली. ती काठी ज्यानं बघितली नव्हती असा माणूस गावात नव्हता. बुर्मा उठून उभी राहिली. "खोटं कसं असेल? माझी थोरली त्या ऑगस्टात झाली. माझ्याकडे दोरी नव्हती, तिची दुपटी मी कालीपाच्या या काठीवरच वाळत घातलीयत. ओरोझालीनंच दोरी ताणून दिली होती मला. म्हणाला, बुर्मा, पोरगी होऊ दे नाहीतर पोरगा, धुणं सारखंच!" आणि एवढं बोलून ती एकदम रडायला लागली.

नुरझातनं दोन्ही वह्या टोकोन अक्सकालांपुढे उघडल्या. मग यादीतली ती ओळ मोठ्यानं वाचली. ओ. मामिरोव. स्मरणार्थ. जिल्ह्याच्या साहेबानं हळूच मोटारीची किल्ली चाचपली.

"कुठं होतास?" कालीपानं विचारलं. "पस्तीस वर्षं मी समजत होते की तू त्याचा दोर कापलास. तू तर तिथं नव्हतासच. मग कुठं होतास?"

केरिमकुल गालिच्यावर बसला. त्याचा मोठा मुलगा पुढे झाला, पण त्यानं हात करून त्याला थांबवलं.

"या पुलापर्यंत बरोबर होतो. इथून मी जुमगालकडे वळलो. सालिकाच्या भावाचं लग्न होतं." सालिका म्हणजे त्याची बायको. "घोड्यांचा खेळ होता. ओरोझाली म्हणाला, जा तू, मी मोजून येतो. तो नेहमीच म्हणायचा. जुलैतही तो एकटाच गेला होता. ऑगस्टातही."

"मग?"

"शुक्रवारी वर गेलो. झोपडीत चूल थंड होती. ताज्या बर्फात पावलं उमटलेली. चिरेपर्यंत गेलेली. परत आलेली नाहीत."

"दोर?"

"दोर झोपडीतच टांगलेला होता. मीच कापला. लोकांना खरं वाटावं म्हणून. वही पण तिथंच लिहिली, चुलीपाशी."

कालीपा त्याच्यापुढे वाकली. आता ती हळू बोलत होती, पण एवढी शांतता होती की कढईतलं पाणी ऐकू येत होतं.

"सोमवारी गेला तो. तू शुक्रवारी चिरेपाशी उभा होतास. हाका मारल्यास?"

"मारल्या."

"आतून आवाज आला?"

त्यानं टोपी काढली. मांडीवर ठेवली. परत उचलली.

"केरिमकुल, मी विचारतेय."

"वारा होता," तो म्हणाला.

त्याच्या तोंडावर टाकायला गोळा केलेली थुंकी कालीपानं टाकली नाही, गिळली. तेवढ्यात सालिका धावत आली आणि तिच्या पायांना मिठी मारून म्हणाली, "कालीपा, पाया पडते, म्हातारा आहे तो, मरून जाईल!"

"तू बोलूच नकोस. लग्न तुझ्या भावाचं होतं. नवरा मांडवात नाचत होता की बर्फावर होता, ते तुला त्याच दिवशी माहीत होतं. दर ईदला मांडी कोण निवडायचं गं? तूच ना? चांगली चरबीची निवडायचीस."

सालिकानं पाय सोडले.

टोकोन अक्सकाल आपल्या हातातल्या काठीवर भार देऊन उठले. "कालीपा, त्या वेळी आमच्या बापांनी तुला गप्प बसवलं. चूक झाली. आता माग. घोडा माग, गुरं माग. तो दगड फोडून नदीत टाकू म्हणालीस तर टाकू."

"घोडा नको. दगडही राहू द्या," कालीपा म्हणाली. "फक्त त्याचं नाव खोडायचं. मामिरोव ठेवायचं, केरिमकुल काढायचं. आणि ते त्यानंच काढायचं. छिन्नी-हातोडीनं."

"माझ्याकडे कापायचं यंत्र आहे," केरिमकुलचा मुलगा खाली मान घालून म्हणाला. "तासाभरात..."

"हातानं," कालीपा म्हणाली.

तीन दिवस लागले. रशियन लिपीतली तळहाताएवढी आठ अक्षरं, आणि ग्रॅनाइट. कालीपा रोज सकाळी चहाची किटली आणि तिपाई घेऊन पुलापाशी जायची आणि त्याच्यासमोर बसून लोकर पिंजायची. पहिल्या दिवशी बघायला गर्दी होती. दुसऱ्या दिवशी फक्त पोरं. तिसऱ्या दिवशी कुणीच आलं नाही. आपल्याच गावात घडतंय ते बघणं लोकांना जड जाऊ लागलं होतं. केरिमकुलच्या हातांना फोड आले, फुटले, चिंध्या बांधल्या, त्याही लाल झाल्या.

तिसऱ्या दिवशी दुपारी त्यानं छिन्नी खाली ठेवली. "वहिनी, घोटभर चहा द्या."

कालीपानं वाटी भरली. त्याच्याकडे बघत बघत सगळी स्वतः प्यायली. मग वाटी पुसून पिशवीत ठेवली.

"अजून दोन अक्षरं आहेत," ती म्हणाली.

बुर्मा त्या संध्याकाळी तिच्याशी भांडली. "अगं, माणूस आहेस का कोण? चहा तर द्यायचास!"

"ओरोझालीला कुणी दिला?"

"त्याला या चहानं काय मिळालं?"

"त्याला नाही मिळालं. मला मिळालं." आणि ती खरंच त्या दिवशी तीन भाकऱ्या जेवली. लपवण्यासारखं तिला त्यात काही वाटलं नाही.

त्यानंतर केरिमकुलला गावात कुणी सलाम करेना. पोरं त्याच्यामागून "वारा होता! वारा होता!" असं ओरडत पळायची. पाटी काढली गेली, तंबू उतरले. पहिला बर्फ पडायच्या आत मुलानं त्याला राजधानीत आपल्याकडे नेलं, आणि हिवाळा संपता संपता तो तिथंच मेला. पुरायला गावी आणला. बायका आक्रोश करायला जमल्या. घरातली मोठी सून त्यात नसणं म्हणजे घराला मोठी कलंकाची गोष्ट. बुर्मा बोलवायला आली.

"चल, निदान तोंड दाखवून ये."

"तीन दिवस दाखवलंय की," कालीपा म्हणाली आणि दार लावून घेतलं.

त्यावरून तिला काही घरांनी टाळलं. सालिका रस्त्यात दिसली की दोघी दोन बाजूंनी जायच्या. नुरझातनं संस्थेला पत्र लिहून एकोणऐंशीच्या सप्टेंबरची सगळी मापं रद्द करून घेतली. त्या महिन्याचा रकाना आता कोरा आहे. ती पुढच्या उन्हाळ्यात परत आली तेव्हा तिनं विचारलं, "आपा, आता मन हलकं झालं का?"

"हलकं कशाला? भरलं," कालीपा म्हणाली. थोड्या वेळानं म्हणाली, "मला वर नेशील का?"

इतक्या वर्षांत ती हिमनदीवर कधी गेली नव्हती. नुरझातनं तिला शांत घोडी दिली. दीड दिवस चढत गेले. कालीपाच्या मनात ती हिमनदी फार मोठी आणि फार पांढरी होती. समोर दिसली ती मळकी, दगडगोट्यांनी भरलेली, डोंगराच्या कुशीत आखडून बसलेली. ठिबकत होती. नुरझातनं तिला कमरेला दोर बांधून थोडं पुढे नेलं आणि एक निळसर भेग दाखवली. "जुन्या चिरा आता राहिल्या नाहीत, आपा. बर्फ सरकतो. पण साधारण इथंच."

कालीपा दगडावर बसली. नुरझात, दोर लांब सोडून, दुसरीकडे बघत उभी राहिली. तिला वाटलं, म्हातारी आता दुवा मागेल.

"का रे मूर्खा?" कालीपा म्हणाली.

नुरझात दचकून वळली. पण ते तिला नव्हतं.

"जा तू, मी मोजून येतो! फार मोठा आलास मोजणारा! तो लग्नात मटण खातो आणि तू इथं एकटा. माझ्याशी खोटं बोललास. पुलापर्यंत बरोबर जायचं आणि पुढं... जुलैत, ऑगस्टात, काठी घेऊन हसत घरी आलास, मला काही बोललास? बोलला असतास तर मी त्याच्या घोड्याचा लगाम धरून त्याला वर पिटाळला असता. दोर टांगून ठेवतोस! अरे, पोर होती ना दोन वर्षांची? भाऊ भाऊ करत होतास. मी त्याला तीन दिवस दगड फोडायला लावला, तुला काय लावू? सांग ना. तुला काय लावू?"

तिचा आवाज बर्फाच्या भिंतीवर आपटून परत येत होता. गालांवरून पाणी वाहत होतं आणि ते पुसायला तिला सवड नव्हती. ती बोलत होती, बोटं मोडत होती, मध्येच त्याच्या आईलाही दोन शब्द ऐकवत होती, पहिल्या वर्षीच्या गळक्या छपरापासून सगळं काढत होती. पश्चिमेकडून ढग चढू लागले.

"आपा," नुरझात हलकेच म्हणाली, "हवा बदलतेय. खाली उतरायला हवं."

"थांब जरा," कालीपा म्हणाली. "माझं अजून संपलेलं नाही."